सुमित्रा भावे : आधी ऐकून घेणारी दिग्दर्शिका

चाफा_नौपाडा | रविवार, रात्री ११:१०

आमच्या नौपाड्यातल्या सोसायटीत दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी आम्ही काही जण मिळून एक चित्रपट बघतो. तळमजल्यावरचा हॉल, मागून आणलेला प्रोजेक्टर, भिंतीवर पांढरी चादर. आज सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा 'अस्तु' लावला होता.

पहिल्या मजल्यावरचे एक काका ऐंशीच्या घरातले आहेत. ते एरवी कधी येत नाहीत, कारण काकूंना एकटं सोडता येत नाही. काकूंना गेली काही वर्षं काही आठवत नाही. आज त्यांची मुलगी आली होती म्हणून काका खाली उतरले. चित्रपट संपला, दिवे लागले, आम्ही चहाचे कप गोळा करायला लागलो, तरी काका जागचे हलले नाहीत. मला म्हणाले, "ते शास्त्रीबुवा त्या बाईला आई म्हणतात ना, तेवढं परत लावशील?" लावलं. त्यांनी ते सगळं पुन्हा बघितलं आणि म्हणाले, "ही मला दादा म्हणते. भावाला म्हणायची तसं. मी रोज सांगत बसतो, अगं मी दादा नाही. आता नाही सांगणार." आणि काठी टेकत वर गेले.

मी घरी आले, जेवले, पण डोक्यातून जाईना. म्हणून हा धागा.

ज्यांनी बघितला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. चक्रपाणी शास्त्री हे संस्कृतचे निवृत्त पंडित. त्यांना अल्झायमर झालाय. मुलीबरोबर बाहेर पडले असताना रस्त्यात हत्ती दिसतो आणि ते त्याच्यामागे निघून जातात. मुलगी गावभर शोधत फिरते आणि इकडे माहुताची बायको चन्नम्मा त्यांना लेकरासारखं सांभाळते. ते तिला आई म्हणू लागतात. मोहन आगाशे शास्त्री आहेत, इरावती हर्षे मुलगी आणि अमृता सुभाष चन्नम्मा. अमृता सुभाषला सहायक अभिनेत्रीचा आणि सुमित्राताईंना संवादलेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार याच चित्रपटासाठी मिळाला.

आता मला जे म्हणायचंय ते. चन्नम्माला अल्झायमर हा शब्दसुद्धा माहीत नाही. समोर एक म्हातारा आहे, त्याला भूक लागलीय, तो घाबरलाय, एवढं तिला दिसतं आणि तेवढं तिला पुरतं. मुलीकडे डॉक्टर आहेत, माहिती आहे, पैसा आहे, आणि ती दमून गेलेली आहे. चित्रपट तिला दोषी ठरवत नाही. तिचं चिडणं, तिचा अपराधीपणा, नवऱ्याशी बोलणं, बहिणीशी बोलणं, सगळं शांतपणे ऐकून घेतो.

हे ऐकून घेणं सुमित्राताईंकडे सिनेमातून आलेलं नाही. त्या समाजशास्त्राच्या अभ्यासक. मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत शिकल्या, पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवलं. झोपडपट्टीतल्या बायकांच्या मुलाखती घेत फिरल्या. दलित बायकांनी सांगितलेल्या त्यांच्या आयुष्याच्या कहाण्यांचं त्यांचं एक पुस्तकही आहे. मग त्यांना प्रश्न पडला की हे संशोधन जिच्याबद्दल आहे ती बाई तर वाचू शकत नाही, तर तिच्यापर्यंत ते पोचवायचं कसं? त्या प्रश्नातून १९८५ साली 'बाई' हा लघुपट झाला. तेव्हा त्या बेचाळीस वर्षांच्या होत्या आणि सिनेमाचं शिक्षण शून्य.

मुलाखत घ्यायला गेलेली बाई कुठे बसते? चुलीपासून हातभर अंतरावर, जमिनीवर, बोलणारीच्या नजरेला नजर मिळेल अशी. त्यांच्या चित्रपटांत कॅमेरा मला कायम तिथेच बसलेला दिसतो. घरातली भांडी, पातळं, ओटा, माजघरातला उजेड यांतलं काहीच मांडून ठेवल्यासारखं वाटत नाही. पटकथा, संवाद त्या स्वतः लिहायच्या. कपडे आणि घरातलं सामानही बऱ्याचदा स्वतःच बघायच्या.

तुम्ही त्यांचं काय काय बघितलंय, कसं वाटलं? आणि पुढच्या महिन्यात आम्ही कोणता लावावा?

---

जुना_प्रेक्षक | सोमवार, सकाळी ७:४५

धागा काढलात, फार बरं केलंत. काकांचं वाचून थोडा वेळ काही सुचेना.

थोडी भर घालतो. 'बाई'ला आणि नंतर 'पाणी'ला (१९८७) राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, पण पूर्ण लांबीचा पहिला चित्रपट यायला १९९५ उजाडलं. तो म्हणजे 'दोघी'. लग्नाच्या दिवशी वऱ्हाडाला अपघात होतो, थोरली अपशकुनी ठरते, पोट जाळायला तिला मुंबईला पाठवतात आणि तिथे तिचं काय झालं हे गावाला कळूनही कुणी बोलत नाही. तिच्या पैशावर घर उभं राहतं, पण ती परत आली की तिला दारात घ्यायला आई कचरते. उत्तरा बावकर, रेणुका दफ्तरदार, सोनाली कुलकर्णी. उत्तराबाईंची ती आई मी विसरू शकत नाही. तिच्या तोंडी फार शब्द नाहीत. ती कामच करत असते आणि काम करता करता लेकीकडे बघायचं टाळते.

सुनील सुकथनकरांचं नाव अशा चर्चांत मागे पडतं, तसं होऊ नये. ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले, दिग्दर्शक आणि गीतकार. सुमित्राताईंपेक्षा वीसेक वर्षांनी लहान. एकीकडे समाजशास्त्र, दुसरीकडे सिनेमाचं तंत्र, आणि तीन दशकांहून जास्त काळ ही जोडी टिकली. चित्रपटांतली बहुतेक गाणी सुकथनकरांची. मराठीत दोन दिग्दर्शकांनी इतकी वर्षं एकत्र काम केल्याचं दुसरं उदाहरण मला आठवत नाही.

आणि विषयांची यादी बघा. 'वास्तुपुरुष'मध्ये कुळकायद्यानंतरचा वाडा, 'देवराई'त स्किझोफ्रेनिया, 'नितळ'मध्ये कोड, 'एक कप च्या'मध्ये माहितीचा अधिकार, 'कासव'मध्ये नैराश्य. कुणी निर्माता आपणहून पैसे घालेल असा यात एकही नाही. तरी काढले.

---

ऐरोलीचा_रोल | सोमवार, दुपारी १:२०

मी लघुपट करतो, दोन केलेत, तिसरा अडकलाय. सुमित्राताईंबद्दल आदर आहेच. पण इथे सगळे एकाच सुरात लिहिणार असतील तर मला वेगळं म्हणायचंय.

त्यांचे चित्रपट बोलतात फार. पात्रं एकमेकांशी बोलत असतात, पण खरं तर आपल्याला समजावून सांगत असतात. 'दहावी फ' घ्या. शाळेतल्या 'फ' तुकडीच्या मुलांनी प्रयोगशाळा फोडली, आणि अतुल कुलकर्णींचे सर त्यांना शिक्षा न करता स्वतः कमवून भरपाई करायला लावतात. विषय उत्तम, मुलं अस्सल. पण सरांच्या तोंडची काही वाक्यं अशी आहेत की ती वर्गात फळ्यावर लिहून ठेवता येतील. सिनेमात चित्रानं बोलावं ना? मला शिकवताना नेहमी सांगितलं गेलं की जे दाखवता येतं ते बोलू नये. या चित्रपटांत मला चित्रापेक्षा संवाद आधी ऐकू येतो.

दुसरं म्हणजे, शेवटी सगळे थोडे शहाणे होतात. आयुष्यात तसं होत नाही.

---

वर्तकनगर_७ | सोमवार, दुपारी ३:०५

'दहावी फ' मी शाळेत असताना बघितला. मी 'ड' तुकडीत होते. आमच्या वर्गाचा पंखा दोन वर्षं बंद होता आणि 'अ'चा दुसऱ्या दिवशी दुरुस्त व्हायचा. फळ्यावर लिहिण्यासारखी वाक्यं मला तेव्हा हवी होती. कुणी बोलतच नव्हतं आमच्याशी तसं.

---

चाफा_नौपाडा | सोमवार, रात्री १०:३०

वर्तकनगर, तुमच्या चार ओळी माझ्या अख्ख्या लेखाला भारी आहेत.

ऐरोली, तुमचा मुद्दा मी टाळत नाही. बोलणं जास्त आहे, खरंय. त्या बाई गप्पांच्या घरातून आणि वर्गातून आलेल्या, त्यांचा बोलण्यावर विश्वास होता. पण 'कासव' (२०१६) बघा आणि मग सांगा.

आत्महत्येचा प्रयत्न केलेला एक तरुण मुलगा जानकीला रस्त्यात भेटतो. जानकी स्वतः नैराश्यातून गेलेली आहे. ती त्याला कोकणात समुद्राकाठच्या घरात आणते, तिथे समुद्री कासवांच्या संवर्धनाचं काम चालू आहे. आणि ती त्याला काहीच विचारत नाही. नाव काय, गाव कुठलं, का केलंस, काहीच नाही. घरातल्या सगळ्यांना तिनं तेच सांगून ठेवलंय. मुलगा जेवत नाही, दार लावून बसतो, अंगावर येतो. ताट ठेवलं जातं, उचललं जातं, पुन्हा ठेवलं जातं. आलोक राजवाडेनं तो मुलगा असा केलाय की त्याला धरून हलवावंसं वाटतं, आणि तेच करायचं नसतं हे हळूहळू आपल्याला कळत जातं.

ज्या बाईनं आयुष्यभर प्रश्न विचारून माणसं समजून घेतली, तिनं त्र्याहत्तराव्या वर्षी प्रश्न न विचारण्यावर चित्रपट केला. हा प्रवास मला फार मोठा वाटतो. 'दहावी फ'चे सर बोलून मुलांना बाहेर काढतात. जानकी नुसती शेजारी थांबते. दोन्ही त्यांचंच आहे, पण मधे चौदा वर्षं गेलीत.

'कासव'ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं सुवर्णकमळ मिळालं. 'श्यामची आई', 'श्वास', 'देऊळ', 'कोर्ट' आणि मग 'कासव'. ते मिळवणारा पाचवा मराठी चित्रपट.

---

पाचपाखाडी_पूर्व | मंगळवार, सकाळी ९:१५

आणि त्या सुवर्णकमळाचं ठाण्यात काय झालं ते मी सांगतो, कारण अजून राग जात नाही. २०१७ मध्ये 'कासव' लागला तेव्हा मी आणि बायको रजा टाकून एका मल्टिप्लेक्सला गेलो. सकाळचा खेळ होता, कामाच्या दिवशी. खिडकीवर सांगितलं, माणसं कमी आहेत, खेळ रद्द, हवं तर शेजारच्या पडद्यावरचा बघा. आम्ही धरून सात जण होतो. एक आजी डोंबिवलीहून आल्या होत्या. देशातला सर्वोत्कृष्ट चित्रपट म्हणून सरकारनं निवडलेली गोष्ट, आणि आजी जिना उतरून परत स्टेशनला निघाल्या. मी त्यांना रिक्षा करून दिली, दुसरं काही करता आलं नाही.

ऐरोलीकर, तुम्ही लघुपट करता म्हणून विचारतो, यावर उपाय काय? चित्रपट काढायला पैसा उभा राहतो हे यांनी करून दाखवलं, पण लोकांपर्यंत न्यायचा कसा? डॉ. आगाशे 'अस्तु' आणि 'कासव' घेऊन गावोगाव फिरले, खेळानंतर लोकांशी बोलले, हे मला माहीत आहे. नट आणि मानसोपचारतज्ज्ञ एकाच माणसात असल्यामुळे ते जमलं. प्रत्येकाला असा माणूस कुठून मिळणार?

---

ऐरोलीचा_रोल | मंगळवार, रात्री ११:५०

काका, उपाय माझ्याकडे नाही. असता तर तिसरा लघुपट अडकला नसता. पण नौपाड्याच्या हॉलमध्ये चादर लावून चाललंय तेच मला सध्या खरं वितरण वाटतं. गंभीरपणे लिहितोय. मुंबई-पुण्यातल्या, ठाण्यातल्या अशा पन्नास हॉलनी ठरवून महिन्याला एक मराठी चित्रपट रीतसर परवानगी आणि पैसे देऊन दाखवला तर माझ्यासारख्याला पुढचा चित्रपट काढता येईल.

'कासव' आज बघितला. उद्या सविस्तर लिहितो.

---

खाडीपल्याड | बुधवार, दुपारी २:४०

मी कळव्याची. इथे सहसा वाचते, लिहीत नाही. लिहू की नको असं दोन दिवस चाललं होतं.

माझ्या धाकट्या भावाला स्किझोफ्रेनिया आहे. कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला सुरू झालं. तेव्हा आमच्या घरात या शब्दाचा उच्चारही कुणी केला नव्हता. आधी बाहेरचं बघितलं, मग एका डॉक्टरनं आईला तोंडावर सांगितलं की तुम्ही लाडावून ठेवलाय. ठाण्यात राहणाऱ्यांना माहीत असेल, इथे मेंटल हॉस्पिटल हा रिक्षावाल्याला सांगायचा पत्ता आहे. १९०१ सालापासून ते इथे आहे. शाळेत आम्ही एकमेकांना चिडवायचो, तुला तिथे सोडून येऊ का. भावाला घेऊन पहिल्यांदा तिथे जायचं होतं तेव्हा आईनं रिक्षावाल्याला अलीकडची खूण सांगितली आणि आम्ही उरलेलं अंतर चालत गेलो. भाऊ मधे चालत होता, आम्ही दोन बाजूंना.

'देवराई' २००४ चा. मी तो नंतर सीडीवर बघितला, एकटीनं, आवाज बारीक करून. अतुल कुलकर्णींचा शेष कोकणातल्या देवराईच्या ध्यासात आहे आणि त्याचं मन त्याच्या हातातून सुटत जातं. बहीण त्याला शहरात आपल्या घरी आणते. सगळे शेषबद्दल बोलतात, पुरस्कारही त्याच कामाबद्दल बोलतात. मी बहिणीकडे बघत होते. सोनाली कुलकर्णीची सीना. तिचा नवरा आहे, मूल आहे, घर आहे आणि त्यात हा भाऊ. ती प्रेम करते आणि तिला कंटाळाही येतो, भीतीही वाटते, हे तिघंही एकाच चेहऱ्यावर होते. मला वाटायचं मीच वाईट आहे. कधी कधी मला वाटतं की त्यानं रात्रभर शांत झोपावं, त्याच्यासाठी नाही, माझ्यासाठी. ते दुसऱ्या कुणाच्या तरी मनात येऊ शकतं हे मला त्या चित्रपटानं पहिल्यांदा सांगितलं.

ऐरोली, तुम्ही म्हणता शेवटी सगळे शहाणे होतात. शेष बरा होत नाही. औषध घेऊन जगायला शिकतो, आणि घरचे त्याच्याबरोबर जगायला शिकतात. आमच्याकडे तेच झालंय. भाऊ आता चाळिशीला आलाय, सकाळची गोळी स्वतः घेतो, झाडांना पाणी घालतो. बाल्कनीत सतरा कुंड्या आहेत. मोजून सांगतेय, कारण तोही रोज मोजतो.

---

जुना_प्रेक्षक | बुधवार, संध्याकाळी ६:२०

ताई, लिहिलंत, उपकार आहेत तुमचे.

तुम्ही सीनाबद्दल जे म्हणालात तेच मला इतकी वर्षं म्हणायचं होतं आणि नीट सापडत नव्हतं. आजार ज्याला झालाय त्याच्यावर चित्रपट पुष्कळ निघतात. आजाऱ्याच्या खोलीबाहेर जो उभा असतो त्याच्यावर सुमित्राताईंनी निम्मा चित्रपट खर्च केला. 'अस्तु'मधली मुलगीही तीच.

---

ऐरोलीचा_रोल | बुधवार, रात्री ११:३०

खाडीपल्याड ताई, तुमचं वाचल्यावर माझं ते शहाणपणाचं वाक्य मी मागे घेतो. बरं होणं आणि शहाणं होणं यात मी गल्लत केली होती.

बोलण्याबद्दलचं मात्र पूर्ण मागे घेत नाही. 'कासव'मध्येही कासवांची माहिती सांगणारी वाक्यं आहेत, ती मला खटकलीच. पण जानकीच्या गप्प राहण्याबद्दल चाफाताई बरोबर आहेत. मग मी त्याच झोकात 'दिठी'ही बघून टाकला.

हा त्यांनी एकटीनं दिग्दर्शित केलेला, शेवटचा. दि. बा. मोकाशी यांच्या कथेवर आहे. रामजी लोहार, जुना वारकरी. तरणा मुलगा पुरात वाहून गेलाय. घरी विधवा सून बाळंत झालीय, मुलगी झालीय, आणि रामजी तिच्या तोंडाकडे बघायला तयार नाही. इतकी वर्षं वारी केली, पोथी वाचली, त्याचा काय उपयोग झाला असं त्याला वाटतं. पाऊस थांबत नाही. अशात शेजारची गाय अडते आणि त्याला बोलावणं येतं, कारण गाय सोडवायला त्याच्यासारखा हात गावात दुसरा नाही.

तिथे मी सरळ बसलो. किशोर कदमचे हात बघा. लोहाराचे हात, ऐरणीवर काम करणारे, आणि ते गाईच्या पोटात वासरू चाचपतायत. दुःख, अमृतानुभव, जन्म-मृत्यू, सगळं त्या दोन हातांत येतं. मी वरती म्हणालो होतो ना, जे दाखवता येतं ते बोलू नये. पंचाहत्तरी ओलांडलेल्या बाईनं ते करून ठेवलंय आणि मी इकडे उपदेश करत होतो.

---

वर्तकनगर_७ | गुरुवार, सकाळी ८:१०

थोडं अवांतर. १९ एप्रिल २०२१ ला सुमित्राताई पुण्यात गेल्या. त्याच महिन्याच्या ३० तारखेला चैतन्य ताम्हाणेंचा 'द डिसायपल' नेटफ्लिक्सवर आला. त्यात नायक रात्री मोकळ्या रस्त्यावरून गाडी चालवत एका थोर गायिकेची, माईंची व्याख्यानं ऐकत असतो. माई दिसत नाहीत, फक्त आवाज. तो आवाज सुमित्राताईंचा. मला बघताना माहीत नव्हतं, नंतर कळलं आणि तेवढाच भाग डोळे मिटून परत ऐकला. 'दिठी' सोनी लिव्हवर आला तो मे महिन्यात. त्यांनी तो लोकांबरोबर बघायला हवा होता.

---

चाफा_नौपाडा | गुरुवार, रात्री ९:४५

मग ठरलं, पुढच्या महिन्यात 'दिठी'. परवानगीचं आणि पैशांचं ऐरोली म्हणतात तसं रीतसर करू, मी चौकशी सुरू केलीय. दुसरा रविवार, संध्याकाळी पाच. घंटाळी मंदिराकडून आलात तर चालत पाच मिनिटं, नेमका पत्ता व्यक्तिगत निरोपात कळवते. पाचपाखाडीकाका, तुम्ही आणि काकू नक्की या. सात जण असले तरी आम्ही लावतो.

आमच्या पहिल्या मजल्यावरच्या काकांना आज जिन्यात विचारलं. म्हणाले, मुलगी आली तर येईन. मग थोडं थांबून म्हणाले, काल ती दादा म्हणाली तेव्हा मी हो म्हणालो, तर तिनं माहेरच्या विहिरीचं काहीतरी सांगितलं, लग्नानंतर इतक्या वर्षांत मला कधी सांगितलं नव्हतं.

---

खाडीपल्याड | गुरुवार, रात्री १०:२०

चाफाताई, भावाला आणलं तर चालेल का? तो शांत असतो. मधेच उठून बाहेर जाऊन येतो, एवढंच. आणि मोठा आवाज त्याला सहन होत नाही.

---

चाफा_नौपाडा | गुरुवार, रात्री १०:३५

आणा ना. दारालगतच्या दोन खुर्च्या तुमच्या. त्या बाजूचा पंखा खडखड करतो, तो बंद ठेवू आणि आवाज मी आधीच कमी करून ठेवते. बाहेर चाफ्याखाली बाकडं आहे, उठला तर तिथे बसू दे. त्याला झाडं आवडतात म्हणालात, तर कुंड्याही आहेत तिथे, नऊ.